स्लॉपी जो, व्हाया नवसारी!

हॉलिवूडच्या शाळावाल्या पिक्चरमध्ये कँटिनचा सीन असतोच असतो. डोक्याला जाळी बांधलेली एक बाई मोठ्ठ्या पळीने लालभडक, चिकट, दाणेदार असं काहीतरी बनवर थापते आणि ट्रे पुढे ढकलते. आपण इकडे सोफ्यावर पाय पसरून म्हणतो, 'अरेच्चा, हा तर खिमा-पाव!' बरोब्बर ओळखलंत, बॉस! त्याचं तिकडचं नाव स्लॉपी जो. स्लॉपी म्हणजे गबाळा. पहिल्या घासाला सॉस मनगटावर, दुसऱ्या घासाला शर्टावर. नावच असं असल्यावर तक्रार कोणाकडे करणार?

या आठवड्यात हा गबाळा जो आपल्या दोन बर्नरच्या किचनमध्ये आणायचाय. तोही 'इंडियन ट्विस्ट' देऊन. आता ट्विस्ट म्हटलं की बहुतेक जण काय करतात? केचपमध्ये शिजवलेल्या खिम्यावर चमचाभर गरम मसाला भुरभुरतात आणि झालं फ्यूजन! चव लागते ती केचप-मसाल्याची. दोघंही वेगवेगळे बोंबलत असतात. खरा ट्विस्ट कुठे आहे, हे कळायला आधी हा जो कुठला, ते बघूया.

जो नक्की कोण?

अमेरिकेच्या मधल्या पट्ट्यात आयोवा नावाचं राज्य आहे. शेतीवाडीचा, गुराढोरांचा मुलूख. तिथे 'लूज मीट' सँडविच आजही खातात. म्हणजे बर्गरसारखी टिक्की न थापता मोकळा परतलेला बीफचा खिमा बनमध्ये भरायचा. मस्कटिन गावात १९२६ मध्ये सुरू झालेलं 'मेड-राइट' याच सँडविचसाठी प्रसिद्ध आहे. पण त्यात टोमॅटो सॉस नसतो. सॉसवाला जो कोणी पहिल्यांदा केला, यावर आयोवापासून फ्लोरिडापर्यंत भांडणं आहेत. फ्लोरिडातल्या की वेस्टमध्ये 'स्लॉपी जोज' नावाचा बार आहे. अर्नेस्ट हेमिंग्वे त्या बारचा नेहमीचा गिऱ्हाईक. क्यूबातल्या हवानामध्येही याच नावाचा बार होता. तो १९६० च्या दशकात बंद पडला आणि २०१३ मध्ये पुन्हा उघडला. सगळेच म्हणतात, जो आमचा!

१९६९ मध्ये हंट्स कंपनीने 'मॅनविच' नावाचा डबाबंद सॉस काढला. खिमा परता, डबा ओता, बनवर थापा. ऑफिसातून दमून आलेल्या आई-बाबांची सोय झाली आणि जो घराघरात पोचला.

आणि हो, तुमच्यापैकी कोणी ऑनसाइट जाणार असाल आणि मुक्काम न्यू जर्सीत, एडिसनच्या आसपास असेल, तर सावधान! तिकडच्या डेलीत स्लॉपी जो मागवलात तर गरम खिमा येणारच नाही. राय ब्रेडच्या तीन स्लाइस, मध्ये थंड मांसाचे पातळ काप, चीज, कोबीची कोलस्लॉ आणि रशियन ड्रेसिंग, असा तिमजली सँडविच येईल. नाव तेच, माणूस वेगळा!

चिंच आधीपासून आहेच की

आता जोच्या सॉसमध्ये काय काय असतं ते बघा. टोमॅटो केचप, व्हिनेगर, ब्राऊन शुगर, मोहरीचा सॉस आणि वूस्टरशर सॉस. जोडीला परतलेला कांदा आणि हिरवी ढोबळी मिरची. म्हणजे आंबट, गोड आणि किंचित झणका.

यातला वूस्टरशर सॉस जरा निरखून बघा. इंग्लंडच्या वूस्टर गावातले लिया आणि पेरिन्स हे दोन औषधविक्रेते १८३७ पासून तो विकायला लागले. त्यात व्हिनेगर, काकवी, कांदा, लसूण, अँचोव्ही नावाचे छोटे मासे असतात आणि असते चिंच! आपली, आमटीतली चिंच. म्हणजे अमेरिकेतल्या किती तरी घरच्या स्लॉपी जोमध्ये चिंच केव्हाचीच जाऊन बसलीये. इंडियन ट्विस्ट द्यायला आपण निघालो, तर तो आधीच हजर!

मग आपण काय करायचं? तर जोच्या आंबटगोडाला आपल्याकडच्या आंबटगोडाशी भेटवायचं. आपल्या आसपास या कामात एक्स्पर्ट कोण? पारशी मंडळी! त्यांच्या स्वयंपाकात 'खट्टू-मिठ्ठू' हा जवळजवळ धर्मच आहे. पातियो असो की सास नी मच्छी, आंबट आणि गोड एकत्र नांदतात. आंबटपणासाठी चिंच किंवा 'सरको', म्हणजे उसाचं व्हिनेगर आणि गोडासाठी गूळ किंवा साखर. नवसारीच्या कोलाह घराण्याचा सरको १८८५ पासून प्रसिद्ध आहे. लाकडी पिंपात मुरवलेला, काळपट तपकिरी आणि नुसता वास घेतला तरी तोंडाला पाणी सुटेल असा.

ब्राऊन शुगरच्या जागी गूळ. साध्या व्हिनेगरच्या जागी सरको. वूस्टरशरच्या जागी थेट चिंचेचा कोळ. बनच्या जागी लादी पाव. तो पावही मुळात पोर्तुगीजांच्या 'पांव'वरून गोवामार्गे आपल्याकडे आलेला. बघता बघता गबाळा जो मुंबईच्या इराण्याच्या टेबलावर येऊन बसतो. मरिन लाइन्सचं १९०४ सालचं कयानी, कुलाब्याचं १९१८ सालचं ऑलिम्पिया, फोर्टचं १९३३ सालचं कॅफे मिलिटरी, पुण्याचं १९३५ सालचं गुडलक ही या परंपरेतली नावं. या दोन शहरांना न्याहारीला खिमा-पावची चटक लागली ती अशा हॉटेलांमुळे. पण जुने इराणी एकेक करून शटर खाली ओढताहेत. धोबी तलावचं बस्तानी २००४ मध्येच गेलं. तेव्हा खिमा-पाव फक्त हॉटेलवाल्याच्या भरवशावर सोडून चालायचं नाही. घरच्या कढईत जमायलाच हवा.

बीफ, मटण की आणखी काही?

आता जरा नाजूक विषय. अमेरिकन जो हा बीफचा. महाराष्ट्रात काय करायचं?

आधी कायदा. १९७६ च्या महाराष्ट्र पशुसंरक्षण कायद्यात २०१५ मध्ये दुरुस्ती झाली आणि गायीबरोबरच बैल आणि वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आली. म्हैस आणि रेडा त्या बंदीत येत नाहीत. त्यामुळे आपल्याकडे दुकानात 'बडे का' म्हणून मिळतं ते म्हशीचं-रेड्याचं मांस. चवीला ते बीफच्या सर्वांत जवळचं, चरबी मात्र कमी. घरी ते खात असाल तर जोसाठी झकास. शिजायला जरा जास्त वेळ द्या, एवढंच.

बाकीच्यांसाठी बोकडाचा खिमा आहेच. आपल्याकडे ज्याला मटण म्हणतात ते बोकडाचं, हे परदेशी मित्राला एकदा समजावून सांगा, नाहीतर तो मेंढी शोधत बसेल. चिकन खिमा चालतो, पण तो पटकन कोरडा पडतो. आणि सोया ग्रॅन्युल्स? नाक मुरडू नका! या सॉसमध्ये सोया बराच भाव खाऊन जातो.

आणि आता मुद्द्याचं. तुम्ही तिघं-चौघं मिळून फ्लॅटवर राहता. एकाला बडं चालतं, दुसरीला मटण चालतं पण बडं अजिबात नाही, तिसरा पक्का शाकाहारी आणि चौथी फक्त शनिवारी पाळते. किचन एकच, कढई एकच. अशा घरात 'अरे खा रे, काय फरक पडतो' हे वाक्य बोलायचं नाही. त्याला फरक पडतो, म्हणून तर तो नाही म्हणतोय! आणि 'गुपचूप घालू, कळणारही नाही' हा विनोद तर कधीच करायचा नाही. एकदा विश्वास उडाला की नंतर त्या घरातला साधा चहासुद्धा गोड लागत नाही. पार्टी करायची तर भांडीसुद्धा वेगळी ठेवावी लागतात, हे आपल्या आयांना न सांगता कळायचं. आपल्यालाही जमेल. कसं, ते खाली रेसिपीत सांगते.

त्यात बरेचदा घरमालकाची अट असते, 'नॉन-व्हेज चालणार नाही.' भाडेकराराच्या वेळी मान डोलावून नंतर खिडक्या बंद करून खिमा शिजवणारे महाभाग कमी नाहीत. पण कांदा-खिम्याचा वास चार मजले चढतो हो! सही करायच्या आधीच स्पष्ट विचारून टाका. घर मिळायला आठवडा जास्त लागेल, पण रविवार चोरासारखा जाणार नाही.

खिमा आणताना

बाहेरच्या खिम्याची गंमत अशी की त्यात काय काय गेलंय ते डोळ्यांना कळत नाही. मांसाचा तुकडा ओळखता येतो, खिम्यात सगळंच लाल दिसतं. शिवाय अख्ख्या तुकड्याला जंतू असतात ते बहुतेक वरच्या बाजूला. मशीनमधून काढलं की ते सगळीकडे मिसळतात. त्यामुळे स्टेक आतून गुलाबी ठेवून खातात, तसा खिमा खायचा नसतो. अमेरिकेचं कृषी खातं बीफ-मटणाच्या खिम्यासाठी आतलं तापमान ७१ अंश सेल्सियस सांगतं. आपल्या पद्धतीने वीस-पंचवीस मिनिटं शिजवलेल्या खिम्याला हा प्रश्नच येत नाही. प्रश्न येतो तो आणताना आणि ठेवताना.

तेव्हा तयार ढिगातला खिमा घेऊ नका. 'मामा, मांडीचं आणि खांद्याचं मिळून अर्धा किलो द्या, थोडी चरबी राहू द्या आणि समोर खिमा काढा. जाडसर हवा,' असं सांगायचं. पहिल्यांदा बोलताना जीभ अडखळते, तिसऱ्या रविवारी मामा तुम्हाला बघून आपणहून मांडी काढतात. चरबी का? तर तिकडे पाकिटावर ८०/२० लिहिलेलं असतं, म्हणजे ऐंशी टक्के मांस आणि वीस टक्के चरबी. सॉसला जो मखमलीपणा येतो तो त्या चरबीमुळे. अगदी कोरडा खिमा भुशासारखा लागतो.

घरी आणलात की लगेच फ्रीजमध्ये. कच्चा खिमा एक ते दोन दिवस, त्यापुढे फ्रीझर. आणि तो चाळणीत घेऊन नळाखाली धुऊ नका. पाणी आत राहतं, शिंतोडे ओट्यावर उडतात. धुवायचंच असेल तर तुकडे असतानाच धुऊन, निथळून मग खिमा काढून घ्या.

चला, गॅस पेटवा!

चौघांसाठी साहित्य: अर्धा किलो खिमा, २ मोठे कांदे, १ ढोबळी मिरची, ३ पिकलेले टोमॅटो, २ हिरव्या मिरच्या, १ टेबलस्पून आलं-लसूण पेस्ट, अर्धा चमचा हळद, २ चमचे काश्मिरी तिखट, २ चमचे धने-जिरे पूड, १ चमचा गरम मसाला, २ टेबलस्पून केचप, १ टेबलस्पून किसलेला गूळ, १ टेबलस्पून सरको किंवा साधं व्हिनेगर, १ टेबलस्पून चिंचेचा दाट कोळ, २ टेबलस्पून तेल, मीठ, कोथिंबीर, ८ लादी पाव आणि बटर. चमचा म्हणजे साधा चहाचा.

पहिली पायरी, खिमा परतणं. आणि इथेच निम्मे लोक गडबड करतात. जाड बुडाची, पसरट कढई चांगली तापवा. अर्धं तेल घाला, खिमा पसरा आणि दोन मिनिटं चक्क हात मागे बांधून उभे राहा. ढवळायचं नाही! खिम्याला आधी पाणी सुटतं. जोवर ते पाणी आहे तोवर कढईतलं तापमान १०० अंशांच्या वर जात नाही आणि खिमा नुसता उकडतो, राखाडी होतो. पाणी आटलं, चरचर आवाज बदलला की मग तो तपकिरी व्हायला लागतो. खरी चव त्या तपकिरीपणात. लाकडी उलथन्याने गोळे मोडत आठ-दहा मिनिटं परता. खिमा फार असेल तर दोन हप्त्यांत करा. मग ताटलीत काढून ठेवा. बीफचा खिमा असेल आणि तेलाचं तळं झालं असेल तर थोडं काढून टाका.

दुसरी पायरी, मसाला. त्याच कढईत उरलेलं तेल, बारीक चिरलेला कांदा आणि चिमूटभर मीठ. बुडाला चिकटलेला तपकिरी थर कांद्याच्या पाण्याने सुटेल, तो खरवडून घ्या. फुकटची चव आहे ती! कांदा सोनेरी झाला की आलं-लसूण, हिरवी मिरची आणि बारीक चिरलेली ढोबळी. तीन-चार मिनिटांनी हळद, तिखट, धने-जिरे. अर्धा मिनिट परतून बारीक चिरलेले टोमॅटो घाला आणि बाजूने तेल सुटेपर्यंत परतत राहा. घाई केलीत तर कच्च्या टोमॅटोचा वास शेवटपर्यंत पिच्छा सोडत नाही.

फ्लॅटमेट स्पेशल: या टप्प्यावर मसाल्याचे भाग करता येतात. फक्त अशा वेळी क्रम उलटा करायचा. आधी स्वच्छ कढईत सगळ्यांसाठी मसाला करून घ्यायचा, शाकाहारी मित्राचा वाटा वेगळ्या भांड्यात, वेगळ्या डावाने काढायचा आणि मग खिमा दुसऱ्या कढईत परतून उरलेल्या मसाल्यात ढकलायचा. त्याच्या वाट्यात गरम पाण्यात दहा मिनिटं भिजवून घट्ट पिळलेले सोया ग्रॅन्युल्स. चव एकच, ताटं वेगळी आणि सगळे एकाच टेबलाशी! चिंचेऐवजी बाटलीतला वूस्टरशर वापरणार असाल तर त्याच्यासाठी लेबल वाचा. मूळ सॉसमध्ये मासे असतात, वर सांगितलंच.

तिसरी पायरी, शिजवणं. परतलेला खिमा मसाल्यात घाला, मीठ, अर्धा कप गरम पाणी आणि झाकण. बोकडाला मंद गॅसवर वीस-पंचवीस मिनिटं, बड्याला चाळीस-पंचेचाळीस, चिकनला दहा-बारा आणि सोयाला आठ. खिमा बोटांत दाबून बघा, मऊ लागला पाहिजे. कुकर वापरायचा तर बोकडाला दोन-तीन शिट्ट्या पुरतात, मग झाकण उघडून पाणी आटवा.

चौथी पायरी, खट्टू-मिठ्ठू. केचप, गूळ, चिंचेचा कोळ आणि सरको सगळ्यात शेवटी. गूळ आधी घातला तर बुडाला लागतो. पाच मिनिटं झाकण न ठेवता आटवा, मग गरम मसाला. आता चाखा. आंबट जास्त वाटलं तर चिमूटभर गूळ, फार गोड वाटलं तर अर्धा चमचा सरको. केचपमध्ये साखर असतेच, म्हणून गुळाचा हात आखडता ठेवा. आधी आंबट, मग तिखट आणि गोड अगदी मागून लागलं की समजा जमलं.

झालं की नाही हे कळायचं कसं? कढईच्या मधोमध उलथनं ओढा. रेघ दोन-तीन सेकंद तशीच राहिली आणि मग सॉस हळूच मिटला, तर परफेक्ट. लगेच भरून आली तर अजून आटवा. राहिलीच तशी, तर दोन चमचे गरम पाणी. कोरडा झाला तर तो स्लॉपी कसला?

पाचवी पायरी, पाव. लादीतून पाव सोडवा, आडवा कापा, आतल्या बाजूला बटर लावून तव्यावर कडक होईपर्यंत शेका. बटर आणि तो कडक थर सॉसला अडवतो, नाहीतर दोन मिनिटांत पावाचा शिरा होतो. खालच्या पावावर भरपूर खिमा, वर कोथिंबीर, कच्च्या कांद्याच्या चकत्या, हवं तर तळलेली सळी आणि वरून पाव. कापायचा नाही, दोन्ही हातांत धरून खायचा. ऑफिसचा पांढरा शर्ट आधी बदला!

उरला तर?

उरत नाही, पण उरलाच तर तासाभरात निववून डब्यात भरा आणि फ्रीजमध्ये ठेवा. तीन दिवस छान राहतो. दुसऱ्या दिवशी मुरून आणखी चवदार लागतो. खाताना वाफ येईपर्यंत नीट गरम करा. सकाळी दोन अंडी फोडून त्यात घोटलीत की इराण्याचा 'खिमा घोटाळा' तयार. चीजबरोबर टोस्टरमध्ये दाबला तर डब्याला सँडविच. उकडलेल्या पास्त्यात ढवळला तर मंगळवारचं डिनर.

आणि परदेशात असाल तर चिंचेची पेस्ट आणि गूळ इंडियन स्टोअरमध्ये मिळेल, सरकोऐवजी ॲपल सायडर व्हिनेगर चालेल आणि बीफ नको असेल तर ग्राउंड टर्की आहे. तिकडच्या कलीगला नक्की खाऊ घाला. 'व्हॉट्स द सीक्रेट?' असं त्याने विचारलं की त्याच्याच फ्रीजमधली वूस्टरशरची बाटली उलटी करून लेबलवरची चिंच दाखवा. त्याचा चेहरा बघण्यासारखा होतो!

तर मग ठरलं? या रविवारी ॲपवरून ऑर्डर नाही. सकाळी नऊला मामांच्या दुकानात नंबर लावा, येताना बेकरीतून गरम लादी घ्या आणि फ्लॅटमधल्या प्रत्येकाला आदल्या रात्रीच विचारून ठेवा, 'तुझा कसला करू?' पेपर नॅपकिन मात्र विसरू नका. आठ पावांना किमान सोळा लागतात!